क्युसेकचा आकडा उंबरठ्यापर्यंत कसा पोचणार?

भीमा आणि सीना यांच्यामध्ये वसलेल्या मोडनिंब परिसराला पुराने दिलेला धडा

मोडनिंब (जि. सोलापूर) - पुणे-सोलापूर महामार्गावरील मोडनिंब हे माढा तालुक्यातील बाजारपेठेचे गाव. त्याच्या एका अंगाला भीमा वाहते, तर दुसऱ्या अंगाला सीना. दोन नद्यांच्या मधल्या उंचवट्यावर असल्यामुळे या गावाच्या गल्ल्यांत नदीचे पाणी शिरत नाही. मात्र येथील बाजारात येणारा शेतकरी, येथून जाणारा ऊस, भाजीपाला व दूध आणि येथून पुढे सोलापूरला जाणारा रस्ता या साऱ्यांचे भवितव्य या दोन नद्यांशी बांधलेले आहे. सप्टेंबर २०२५ मध्ये सीना नदीला आलेल्या महापुराने याचा कठोर प्रत्यय दिला. पूर येणार हे प्रशासनाला कळते, धरणातून किती पाणी सोडले जात आहे हेही जाहीर होते. तरीही नदीकाठच्या माणसाला 'माझ्या घरात पाणी येणार का आणि केव्हा' या साध्या प्रश्नाचे उत्तर मिळत नाही. पूर्वतयारीतील ही सर्वांत मोठी उणीव आहे. ती भरून काढणे फारसे खर्चिक नाही. पाण्याचे दुर्भिक्ष्य हाच ज्यांचा नेहमीचा विषय, त्या गावांसाठी तर ते अधिकच गरजेचे ठरते.

दुष्काळी पट्ट्यातील महापूर

सोलापूर जिल्ह्यात वर्षाकाठी सरासरी साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. जून आणि जुलै हे महिने अनेकदा ढगांकडे पाहण्यातच जातात. येथील खरा पाऊस सप्टेंबरचा. परतीच्या मोसमी पावसाच्या या काळात धरणे, पाझर तलाव व बंधारे भरत आलेले असतात, जमिनीची तहान भागलेली असते आणि नवे पाणी मुरण्यास जागा उरलेली नसते. अशा वेळी एक-दोन दिवसांत अतिवृष्टी झाली, की पडलेले बहुतेक पाणी थेट ओढ्या-नाल्यांतून नदीला मिळते. कमी पावसाच्या प्रदेशात मोठे पूर येण्यामागचे कारण हे आहे. वर्षाची सरासरी कमी असली, तरी ती मोजक्या दिवसांत पूर्ण होण्याचा धोका येथे कायम असतो.

ऑक्टोबर २०२० मध्ये हेच घडले होते. बंगालच्या उपसागरातील कमी दाबाचा पट्टा आंध्र प्रदेशाचा किनारा ओलांडून पश्चिमेकडे सरकला आणि १४ ऑक्टोबरच्या सुमारास त्याने सोलापूर जिल्ह्याला झोडपून काढले. पंढरपुरात कुंभार घाटाची भिंत कोसळून सहा जणांचा मृत्यू झाला. पाच वर्षांनी, सप्टेंबर २०२५ च्या चौथ्या आठवड्यात, अहिल्यानगर, बीड आणि धाराशिव जिल्ह्यांत झालेल्या अतिवृष्टीचे पाणी सीनेत आले. करमाळा, माढा, मोहोळ, उत्तर व दक्षिण सोलापूर या तालुक्यांतील नदीकाठच्या गावांना त्याचा फटका बसला. माढा तालुक्यातील दारफळसारख्या गावांना पाण्याने वेढा घातला. अडकलेल्या नागरिकांना बाहेर काढण्यासाठी राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दल व लष्कर यांची मदत घ्यावी लागली. मोहोळ आणि सोलापूर यांच्या दरम्यान लांबोटी येथे सीनेचे पाणी वाढल्याने पुणे-सोलापूर महामार्गावरील वाहतूक थांबवावी लागली. सोलापूर-विजयपूर मार्गही बंद झाला आणि रेल्वे वाहतूक विस्कळित झाली.

दोन नद्या, दोन तऱ्हेचे पूर

भीमेचा पूर आणि सीनेचा पूर यांत मूलभूत फरक आहे. तो समजून घेतल्याशिवाय पूर्वतयारीची चर्चा अपुरी राहते.

भीमेवर माढा तालुक्यातच उजनी धरण आहे. १९८० मध्ये पूर्ण झालेल्या या धरणाची एकूण साठवण क्षमता सुमारे ११७ टीएमसी असून, त्यातील साडेत्रेपन्न टीएमसीहून थोडा अधिक साठा उपयुक्त मानला जातो. धरणाला ४१ दरवाजे आहेत. पुणे जिल्ह्यातील धरणे भरली, की त्यांतून सोडलेले पाणी दौंडमार्गे उजनीत येते आणि ते किती येत आहे हे आधी समजते. उजनीच्या खाली नीरा-नृसिंहपूर येथे नीरा नदी भीमेला मिळते. त्यामुळे उजनी आणि नीरेवरील वीर धरण या दोन्हींच्या विसर्गावर पंढरपूरची पूरस्थिती अवलंबून असते. दोन्ही धरणांतून एकाच वेळी मोठा विसर्ग होऊ लागला, की चंद्रभागेचे पात्र अपुरे पडते. तरीही हा पूर बऱ्याच अंशी सांगून येणारा आहे. मोठे धरण काही काळ पाणी अडवून धरू शकते आणि सोडलेले पाणी पंढरपुरात पोचेपर्यंत तयारीला काही तासांचा अवधी मिळतो.

सीनेचे तसे नाही. ही नदी अहिल्यानगर जिल्ह्यात उगम पावते आणि दक्षिण सोलापूर तालुक्यात हत्तरसंग-कुडल येथे भीमेला मिळते. तिच्यावर उजनीएवढा एकही मोठा जलाशय नाही. सीना-कोळेगाव प्रकल्पाची साठवण क्षमता पाच टीएमसीच्या आसपास आहे. खासापुरी, चांदणी यांसारख्या प्रकल्पांतून सुटणारे पाणी, बार्शीकडून येणारी भोगावती आणि वाटेतील असंख्य ओढे हे सारे सीनेतच येते. प्रत्येक ठिकाणचे पाणी वेगळ्या वेळी सुटते. पण ते नदीत एकत्र आले, की काठावरच्या गावाला त्याचा एकत्रित तडाखा बसतो. एखाद्या धरणाचा आकडा ऐकून या पुराचा अंदाज बांधता येत नाही.

त्यातच सीना वर्षातील बराच काळ कोरडी असते. तिच्या पात्रात पाणी यावे यासाठी भीमा-सीना जोड बोगद्याद्वारे उजनीचे पाणी आणण्याची योजना राबवावी लागली. कोरड्या नदीची भीती माणसाला वाटत नाही. पात्रालगतची काळी जमीन कसदार असल्याने ऊस थेट काठापर्यंत येतो, पंप पात्रात बसवले जातात, जनावरांचे गोठे पाण्याच्या सोयीने बांधले जातात आणि वेड्या बाभळीचे रान पात्रातच माजते. मोठा पूर येतो तेव्हा नदी आपले जुने पात्र परत घेते. नुकसान सर्वाधिक होते ते याच पट्ट्यात.

एक लाख क्युसेक म्हणजे किती?

पुराच्या काळात वृत्तपत्रे, दूरचित्रवाणी आणि मोबाईलवरील संदेश यांतून 'क्युसेक' हा शब्द सतत कानावर पडतो. एका सेकंदाला एक घनफूट पाणी वाहणे म्हणजे एक क्युसेक. एक घनफूट म्हणजे सुमारे २८.३ लिटर. याचा अर्थ, एक लाख क्युसेक विसर्ग असेल तर नदीतून दर सेकंदाला सुमारे २८ लाख ३० हजार लिटर पाणी पुढे जाते. उन्हाळ्यात टंचाईग्रस्त गावांना पाणी देणारा टँकर दहा हजार लिटरचा धरला, तर दर सेकंदाला २८३ टँकर नदीतून धावत आहेत असे समजावे. हाच विसर्ग चोवीस तास टिकला, तर ८.६४ टीएमसी पाणी वाहून जाते. सीना-कोळेगाव धरणाच्या संपूर्ण साठ्यापेक्षा हे पाणी कितीतरी अधिक आहे. लहान जलाशय महापूर रोखू शकत नाहीत, याचे गणित इतके सरळ आहे.

मात्र क्युसेकवरून पाण्याची उंची थेट कळत नाही. विसर्ग दुप्पट झाला म्हणून पाणी दुप्पट उंच चढते असेही नाही. जेथे पात्र रुंद आहे तेथे पाणी पसरते. जेथे पूल, त्याचा भराव, बंधारा किंवा झाडोरा आहे तेथे ते तुंबते आणि वरच्या बाजूच्या शेतात शिरते. भीमा दुथडी भरून वाहत असेल, तर संगमाजवळ सीनेच्या पाण्याला पुढे सरकण्यास वाव मिळत नाही आणि फुगवटा मागे येतो. म्हणूनच एकाच विसर्गाला एका गावात पाणी स्मशानभूमीपर्यंत येते, तर दुसऱ्या गावात ते शाळेच्या पायरीला लागते. हा स्थानिक हिशेब धरणावर बसलेल्या अभियंत्याला ठाऊक असण्याची शक्यता कमी. तो गावाकडे असतो. परंतु बहुतेक ठिकाणी तो ज्येष्ठांच्या आठवणीत असतो, नोंदवहीत नसतो.

सांगली, कोल्हापूर, पंढरपूर काय करतात?

महाराष्ट्रात काही ठिकाणी हा हिशेब लोकांच्या अंगवळणी पडला आहे. सांगलीत कृष्णेचा पूर आयर्विन पुलाच्या फुटांत मोजला जातो. ४० फूट ही इशारा पातळी आणि ४५ फूट ही धोका पातळी, हे तेथील शाळकरी मुलालाही ठाऊक असते. कोणत्या फुटाला कोणत्या उपनगरात पाणी येते याचा अंदाज रहिवासी स्वतः बांधतात आणि त्यानुसार सामान हलवतात. कोल्हापुरात पंचगंगेवरील राजाराम बंधाऱ्याची पातळी याच कामी येते. तेथे ३९ फुटांना इशारा आणि ४३ फुटांना धोका मानला जातो. प्रयाग चिखली व आंबेवाडी येथील ग्रामस्थ पाणी वाढू लागताच जनावरांसह उंचावरील सोनतळीकडे निघतात. पंढरपुरात चंद्रभागेच्या वाळवंटातील पुंडलिक मंदिर आणि जुना दगडी पूल या जनतेच्या खुणा आहेत. दगडी पूल पाण्याखाली गेला, की व्यासनारायण झोपडपट्टीसारख्या सखल भागांतील कुटुंबांच्या स्थलांतराची हालचाल सुरू होते.

अर्थात, खूण असली म्हणजे संकट टळतेच असे नाही. ऑगस्ट २०१९ मध्ये आयर्विन पुलाजवळ कृष्णेने ५७ फुटांची पातळी ओलांडली. पूर्वीच्या पुरात जेथे पाणी आले नव्हते, तेथे ते येणार नाही असे मानून अनेक जण घरातच थांबले. त्याच पुरात पलूस तालुक्यातील ब्रह्मनाळ येथे बचावासाठी निघालेली नाव उलटून अनेकांचे प्राण गेले. पाणी गावाला वेढण्यापूर्वी चालत किंवा ट्रॅक्टरने बाहेर पडणे आणि वेढल्यानंतर नावेने बाहेर पडणे यांतील धोक्याचे अंतर फार मोठे आहे. पूर्वतयारीचा सारा भर त्यामुळे पहिल्या पर्यायावर असायला हवा.

'शंभर वर्षांतला पूर' आणि गैरसमज

जलसंपदा विभाग नद्यांच्या काठी दोन पूररेषा आखतो. पंचवीस वर्षांतून एकदा येण्याची शक्यता असलेल्या पुराची निळी रेषा आणि शंभर वर्षांतून एकदा येण्याची शक्यता असलेल्या पुराची लाल रेषा. नदीचे पात्र ते निळी रेषा हा बांधकामास प्रतिबंध असलेला पट्टा, तर निळ्या व लाल रेषेमधील भागात बांधकामावर निर्बंध असतात.

यातील 'शंभर वर्षांतून एकदा' या शब्दांनी मोठा घोटाळा केला आहे. एकदा असा पूर येऊन गेला, की आता पुढची शंभर वर्षे निर्धास्त, असा त्याचा अर्थ लावला जातो. प्रत्यक्षात तो पूर दरवर्षी येण्याची शक्यता एक टक्का असते आणि गेल्या वर्षी तो आला म्हणून या वर्षीची शक्यता कमी होत नाही. तीस वर्षे त्या रेषेलगत राहणाऱ्या कुटुंबाला असा पूर एकदा तरी पाहावा लागण्याची शक्यता सुमारे २६ टक्के, म्हणजे चारात एकाहून थोडी अधिक असते. निळ्या रेषेबाबत तर पंचवीस वर्षांत ही शक्यता ६४ टक्क्यांवर जाते. अल्पावधीत पडणाऱ्या अतिवृष्टीचे प्रमाण तापमानवाढीमुळे वाढत आहे, हे लक्षात घेतल्यास जुन्या नोंदींवर काढलेल्या या शक्यता अपुऱ्या ठरण्याचाही संभव आहे.

गावठाणाबाहेरची वस्ती

माढा, मोहोळ परिसरातील वस्तीची रचना ही आणखी एक अडचण आहे. येथे बहुसंख्य शेतकरी गावठाणात राहत नाहीत. शेतात घर, शेजारी गोठा, कडब्याची गंजी आणि विहीर अशा वस्त्या मैलोन्मैल विखुरलेल्या असतात. मंदिराच्या ध्वनिक्षेपकावरून दिलेली सूचना किंवा गावातील दवंडी तेथपर्यंत पोचत नाही. पाऊस सुरू होताच वीज जाते आणि मोबाईलची बॅटरीही संपते. ज्यांना सर्वांत आधी इशारा मिळायला हवा, त्यांना तो सर्वांत शेवटी मिळतो.

आपत्ती व्यवस्थापन कायदा २००५ मध्ये झाला. त्यानुसार जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखाली जिल्हा आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरण असते. जिल्हा नियंत्रण कक्षाचा १०७७ आणि तातडीच्या मदतीचा ११२ हे क्रमांक उपलब्ध आहेत. राष्ट्रीय आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरणाच्या 'सचेत' या मोबाईल उपयोजनावरून हवामानाचे इशारे मिळतात. राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दलाची पाचवी तुकडी पुणे जिल्ह्यात आहे. ही सारी यंत्रणा आवश्यकच आहे. परंतु तुकडी रस्त्याने निघून गावात पोचेपर्यंत काही तास जातात आणि महामार्गच पाण्याखाली असेल तर अधिक. त्या पहिल्या काही तासांत पोलीस पाटील, तलाठी, ग्रामपंचायत कर्मचारी, कोतवाल आणि गावातील तरुण हेच काय ते बचाव पथक असते.

गावाने काय करावे?

यासाठी लागणारी तयारी पावसाळ्यापूर्वी व पावसाळ्यात टप्प्याटप्प्याने करता येण्याजोगी आहे.

पहिले काम खुणा करण्याचे. सप्टेंबर २०२५ मध्ये पाणी कोठपर्यंत आले होते, हे आज गावातील प्रत्येकाला ठाऊक आहे. जिल्हा परिषद शाळेची भिंत, मंदिराचे जोते, विजेचा खांब, पुलाचा कठडा अशा कायमस्वरूपी जागी ती पातळी वर्षासह रंगवावी. त्याखाली एकेक फुटाच्या रेघा ओढाव्यात. वरच्या धरणांतून त्या वेळी किती विसर्ग सुरू होता आणि पाणी गावात किती तासांनी आले, याची नोंद जलसंपदा विभागाकडून घेऊन ग्रामपंचायतीच्या फलकावर लावावी. दोन-तीन पुरांच्या नोंदी जमल्या, की गावाचे स्वतःचे कोष्टक तयार होते. पुढील वेळी विसर्गाचा आकडा आल्यावर कोणत्या वस्तीने निघायचे, हे त्या कोष्टकावरून सांगता येईल.

दुसरे काम याद्यांचे. नदीकाठच्या वस्त्या, तेथील वृद्ध, आजारी, गरोदर महिला, लहान मुले आणि जनावरांची संख्या यांची यादी हवी. ऊसतोडणीसाठी आलेली व पालात राहणारी कुटुंबे कोणत्याच यादीत नसतात. त्यांची नोंद आवर्जून घ्यावी. प्रत्येक वस्तीसाठी दुचाकीवरून निरोप देणारे दोन तरुण ठरवावेत. एक गैरहजर असल्यास दुसरा जाईल.

तिसरे काम वरच्या गावांशी संपर्काचे. नदीच्या वरच्या अंगाला असलेल्या गावातील पाणी वाढू लागले, की खालच्या गावाला दूरध्वनी जाणे ही सर्वांत स्वस्त पूर्वसूचना आहे. करमाळा व परंडा तालुक्यांतील काठावरच्या गावांपासून माढा, मोहोळपर्यंत पोलीस पाटलांची अशी साखळी जोडता येईल. त्यात तालुका आणि जिल्हा या सीमा आड येण्याचे कारण नाही.

चौथे काम बंधाऱ्यांचे. कोल्हापूर पद्धतीच्या बंधाऱ्यांची दारे पावसाळ्यात काढलेली असावीत, असा नियम आहे. सप्टेंबर संपत आला, की रब्बीसाठी पाणी अडवण्याची घाई होते. नेमका याच काळात येथे मोठा पाऊस पडतो. दारे केव्हा टाकायची आणि इशारा आल्यास कोणी काढायची, हे पाणी वापरणाऱ्या शेतकऱ्यांनी आणि विभागाने आधीच ठरवून घ्यावे.

जनावरांचा प्रश्न स्वतंत्र आहे. गाई-म्हशी मागे ठेवून शेतकरी घर सोडत नाही आणि त्यामुळे माणसेही अडकतात. ज्या उंच जागी माणसांना हलवायचे, तेथेच जनावरांना बांधण्याची, चाऱ्याची व पाण्याची सोय नसेल तर स्थलांतराचा आदेश कागदावरच राहतो. वेळ अगदीच अपुरा पडल्यास जनावरांची दावी सोडावीत. बांधलेले जनावर जागीच बुडते. मोकळे जनावर पोहून उंच जागा गाठू शकते.

घरापुरते पाहिल्यास सात-बारा उतारा, शिधापत्रिका, आधार कार्ड, बँकेचे पासबुक व औषधे एका प्लॅस्टिकच्या पिशवीत तयार ठेवावीत. निघताना विजेचा मुख्य खटका बंद करावा. पंपाचा स्टार्टर काढण्यासाठी वाढत्या पाण्यात उतरू नये. पुलावरून पाणी वाहत असताना दुचाकी किंवा ट्रॅक्टर घालण्याचा मोह टाळावा. गुडघाभर दिसणारे पाणीही वेगात असेल, तर माणसाचे पाय उखडते.

पूर ओसरल्यानंतर

पाणी उतरले म्हणजे संकट संपले असे होत नाही. विहिरी गाळाने भरतात, पिण्याचे पाणी दूषित होते आणि अडगळीत साप निघतात. टीसीएल पावडर टाकून पाणी शुद्ध झाल्याची खात्री होईपर्यंत ते उकळूनच प्यावे. नुकसानीचा पंचनामा होण्यापूर्वी घर, पीक व दगावलेल्या जनावरांची छायाचित्रे काढून ठेवावीत. जनावराच्या कानात बिल्ला असल्यास ओळख पटवणे सोपे जाते.

सर्वांत दीर्घ परिणाम होतो तो जमिनीवर. पीक गेले तर पुढचा हंगाम असतो; माती वाहून गेली तर अनेक हंगाम जातात. राज्य सरकारने ७ ऑक्टोबर २०२५ रोजी ३१ हजार ६२८ कोटी रुपयांची मदत जाहीर केली. तीत खरडून गेलेल्या जमिनीसाठी हेक्टरी ४७ हजार रुपये रोख, त्याशिवाय रोजगार हमीतून हेक्टरी तीन लाख रुपयांपर्यंतची कामे आणि गाळाने भरलेल्या विहिरीसाठी ३० हजार रुपये अशी तरतूद होती. या आकड्यांवरूनच नुकसानीचे स्वरूप ध्यानात यावे. जमिनीवर पुन्हा माती आणून टाकण्याचा खर्च पाहता, काठावर झाडांचा पट्टा राखणे आणि थेट पात्रालगत नांगरट टाळणे शेतकऱ्याच्याच हिताचे आहे.

मोडनिंबसारख्या उंचावरील गावांची जबाबदारी यात वेगळी आहे. लांबोटीचा पूल बंद होतो तेव्हा पुण्याकडून येणारी वाहने मोडनिंब ते मोहोळ या पट्ट्यातच अडकतात आणि काठावरील कुटुंबेही आसऱ्यासाठी याच बाजूला येतात. शाळा, मंगल कार्यालये, बाजाराचे आवार, चाऱ्याचा साठा आणि ट्रॅक्टरमालकांचे दूरध्वनी क्रमांक यांची यादी पावसाळ्यापूर्वी तयार असल्यास हे गाव दोन्ही नद्यांच्या पूरग्रस्तांसाठी हक्काचा तळ ठरू शकते. भिंतींवरील पाण्याचे डाग एखाद्या रंगसफेदीत पुसले जातात. ते पुसले जाण्यापूर्वी प्रत्येक ग्रामपंचायतीने रंगाचा एक डबा आणून त्या उंचीवर ठळक रेघ ओढावी. पुढचा इशारा येईल तेव्हा काठावरील माणूस त्या रेघेकडे पाहून वेळेत घर सोडील.